कायाकचं शूटिंग: लाटा सपाट का येतात?

कृष्णाकाठ: मी सांगलीचा. आयर्विन पुलावरून होड्यांच्या शर्यती मोबाइलवर टिपत शिकलो. परवा मावसभाऊ कोलाडला कुंडलिका नदीत कायाक (एकट्यानं वल्हवायची चिंचोळी होडी) घेऊन उतरला. उलटा झाला, वल्ह्याच्या एका झटक्यात सरळ झाला. आमच्या काळजाचं पाणी! पण त्याच्या हेल्मेटवरच्या कॅमेऱ्यात बघतो तर अंगणातलं डबकं. त्यात लेन्सवर मधोमध थेंब.

माहुलीचा नावाडी: हेल्मेटवरच्या कॅमेऱ्याची वाइड लेन्स (खूप रुंद दृश्य घेणारी) लांबची लाट बारीक करते. आणि पुलाची सवय सोड भावा, वरून पाणी सपाटच दिसणार. धारेच्या खालच्या अंगाला काठावर गुडघे टेकून बस, झूम लावून समोरून घे. लाट अंगावर येते. शटर १/१००० सेकंद ठेवलंस तर उडालेला थेंब न् थेंब मोजशील. मला मात्र १/१२५ चं थोडं पुसट पाणी आवडतं.

वाईकर: थेंबावर उपाय: उतरण्याआधी लेन्सची काच चाटायची. हसू नका. थुंकीमुळे पाणी पसरतं, थेंब धरत नाही. आणि लवकर जा. कुंडलिकेचं पाणी भिऱ्याच्या वीजघरातून सकाळी सुटतं, दुपारी नुसते दगड.

कृष्णाकाठ: चाटतो. आईनं बघू नये म्हणजे झालं.