मुतारीचं भांडं म्युझियममध्ये ठेवलं की ती कला कशी काय होते?

उंटावरचा_शहाणा:
प्रश्न बालिश वाटेल पण खरंच कळत नाही म्हणून विचारतोय. मार्सेल द्यूशाँचं ते 'फाउंटन' म्हणे आधुनिक कलेतलं फार मोठं काम, आणि फोटो बघितला तर दुकानातून आणलेलं युरिनल आडवं ठेवलंय आणि त्यावर सही ठोकलीय, बास. त्याने ते घडवलंही नाही, रंगवलंही नाही. मग यात कलाकाराने केलं काय? आणि उद्या मी घरची बादली नेऊन ठेवली तर?

पितळी_घंगाळ:
बादली ठेवा की, पण तुम्ही दुसरे ठराल हा प्रॉब्लेम आहे :)
गोष्ट नीट बघा. १९१७ साली न्यूयॉर्कला एक प्रदर्शन होतं, नियम असा की सहा डॉलर फी भरेल त्याचं काम लावायचं, निवड समिती वगैरे काही नाही. द्यूशाँ स्वतः ते भरवणाऱ्या संस्थेच्या संचालक मंडळावर होता. त्याने 'आर. मट' या खोट्या नावाने हे भांडं पाठवलं आणि मंडळींची पंचाईत झाली, कारण फी तर भरलेली. शेवटी ते लावलंच नाही आणि द्यूशाँने राजीनामा दिला. म्हणजे "आम्ही काहीही लावतो" म्हणणाऱ्यांना त्याने शब्दात पकडलं. माझ्या मते खरी करामत ही, भांडं नंतर.

चिकटपट्टी:
करामत मान्य, पण मग तिला खोडी म्हणा ना, कला कशाला? हाताला काही येत नसलेल्या लोकांना यामुळे मोकळं रान मिळालं असं माझं स्पष्ट मत आहे. नंतरच्या किती जणांनी नुसती वस्तू मांडली आणि शेजारी दोन पानं अगम्य मजकूर चिकटवला.

पितळी_घंगाळ:
नंतरच्यांचं पाप त्याच्या माथी नको. आणि द्यूशाँला चित्रं काढता येत होती हो, आधी तेच तर करत होता. १९१३ मध्ये त्याने स्टुलावर सायकलचं चाक उलटं बसवलं ते फिरताना बघायला बरं वाटायचं म्हणून, तेव्हा प्रदर्शनाचा विचारही नव्हता. पुढच्या वर्षी बाटल्या वाळवायचा लोखंडी स्टँड विकत आणला. तो अमेरिकेला गेल्यावर बहिणीने पॅरिसचा स्टुडिओ आवरताना चाक आणि स्टँड दोन्ही भंगार समजून टाकून दिलं! यापेक्षा प्रामाणिक समीक्षा कुठली असणार.

मधली_सुट्टी:
मला यातली सगळ्यात गमतीची गोष्ट वेगळीच वाटते. मूळ भांडं कधीच हरवलंय, उरला तो फक्त फोटोग्राफर स्टीग्लिट्झने काढलेला फोटो. आज म्युझियममध्ये जे दिसतं ते बहुतेक ठिकाणी १९६४ मधल्या प्रतींपैकी एक असतं, आणि त्या प्रती कुठल्या कारखान्यातून उचललेल्या नाहीत, फोटो बघून खास घडवून घेतल्यात. म्हणजे "हाताने काही करायची गरज नाही" सांगणारी वस्तू शेवटी कारागिराला हाताने करावी लागली. चिकटपट्टी, तुमच्या कौशल्याला न्याय मिळाला बघा, फक्त कारागिराचं नाव कोणी घेत नाही.

आणि उलटंही झालंय. शिल्पकार ब्रांकुसीचं 'बर्ड इन स्पेस' हे शिल्प १९२६ ला अमेरिकेत पोचलं तेव्हा कस्टमवाले म्हणाले ही कसली मूर्ती, धातूची उत्पादित वस्तू आहे, ४० टक्के ड्युटी भरा. त्याने बिचाऱ्याने हाताने घासून घासून चकचकीत केलेलं! प्रकरण कोर्टात गेलं, १९२८ मध्ये निकाल त्याच्या बाजूने लागला.

उंटावरचा_शहाणा:
हे कस्टमचं माहीतच नव्हतं. म्हणजे घडवलेलं असलं तरी कला नाही म्हणतात आणि न घडवलेलं असलं तरी म्युझियममध्ये जातं, अवघडच आहे. तरी एक शंका राहतेच, त्याने युरिनलच का घेतलं, वॉशबेसिन घेतलं असतं तर एवढी बोंब झाली असती का?

चिकटपट्टी:
नसती झाली. हेच तर म्हणतोय मी मघापासून.

पितळी_घंगाळ:
आणि म्हणूनच त्याने वॉशबेसिन घेतलं नाही, हे मी म्हणतोय.