प्रोबेटला चुलतभावाची हरकत, पुढे काय?

गिरगावकरीण: आत्याचं घर मृत्युपत्रानं माझ्या नावे. हायकोर्टात प्रोबेटचा, म्हणजे मृत्युपत्र खरं असल्याच्या कोर्टाच्या दाखल्याचा अर्ज केला, तर चुलतभावानं कॅव्हेट (कोर्टात हरकतीची नोंद) टाकलं. म्हणे सही थरथरती आहे, आणि घर मुळात आजोबांचं. दोन साक्षीदारांपैकी डॉक्टरकाका वारले. शेजारच्या काकू ऐंशीच्या पुढे.

निवृत्त शिरस्तेदार: हरकत आली की अर्जाचा दावा होतो. घर आजोबांचं की आत्याचं, हे प्रोबेट कोर्ट बघतच नाही. मृत्युपत्र खरं का, एवढंच. थरथरीचा खुलासा मात्र तुम्हालाच द्यावा लागेल. दवाखान्याचे कागद शोधा.

वकीलबुवा: हयात साक्षीदार एक पुरतो. काकूंची साक्ष लवकर नोंदवा, कोर्टानं नेमलेला कमिशनर साक्ष घ्यायला घरीही येऊ शकतो.

गिरगावकरीण: काकूंना सगळं आठवतं, त्या दिवशीचा शिरासुद्धा!

वकीलबुवा: शिरा राहू द्या. आत्यांनी त्यांच्यासमोर सही केली आणि त्यांनी आत्यांसमोर, हे आठवतं ना?