बीईओएस नेमकं काय मोजतं?

ईईजीवरून, म्हणजे मेंदूतल्या विद्युत लहरींच्या नोंदीवरून गुन्हेगार ओळखता येतो तर पोलीस ते सर्रास का वापरत नाहीत, असं विचारलं जातं. अहो, वापरून झालंय, तेही पुण्यात. 2008 साली तिथल्या सत्र न्यायालयाने एका खुनाच्या खटल्यात इतर पुराव्यांबरोबर बीईओएस या ईईजीवर आधारलेल्या चाचणीचा अहवालही विचारात घेऊन शिक्षा सुनावली होती. ही पद्धत चंपादी रामन मुकुंदन यांची, ते पूर्वी बेंगळुरूच्या निम्हान्स या मानसिक आरोग्य आणि मेंदूविज्ञानाच्या संस्थेत होते. यात डोक्याला इलेक्ट्रोड लावून बसलेल्या माणसाने काही बोलायचंच नसतं. 'मी अमुक वस्तू विकत घेतली' अशा थाटाची वाक्यं नुसती ऐकायची. ती गोष्ट त्याने स्वतः अनुभवली आहे की फक्त ऐकून माहीत आहे, हे लहरींवरून सॉफ्टवेअर ठरवतं म्हणे.

माझा आक्षेप या 'ठरवतं'ला आहे. डोक्याच्या त्वचेवर मिळणारा सिग्नल मायक्रोव्होल्टमधला, साध्या पापणी लवण्यानेही त्यात मोठा व्यत्यय येतो. बरं, तो नीट गाळून घेतला तरी, चौकशीत तोच आरोप शंभरदा ऐकून मनात उभं राहिलेलं चित्र आणि खरी आठवण वेगळी कशी काढणार? 2008 मध्येच निम्हान्सच्या संचालकांच्या अध्यक्षतेखालील समितीने ही पद्धत अशास्त्रीय ठरवली होती. एपिलेप्सीच्या (फिट येण्याच्या आजाराच्या) निदानात ईईजी उपयोगी पडतोच, त्याबद्दल वाद नाही. पण 2010 च्या सेल्वी खटल्याच्या निकालात सर्वोच्च न्यायालयाने संमतीशिवाय अशी चाचणी घेण्यास मनाई केली, आणि संमती असली तरी नुसता अहवाल पुरावा म्हणून चालत नाही.