झाडीपट्टीचं नाटक बघा

गावाकडचा विनोद म्हणजे बावळट पात्रं आणि वेडीवाकडी बोली, असं कुणीतरी लिहिलेलं वाचलं. मला ते अजिबात पटलं नाही. दिवाळीनंतर पूर्व विदर्भातल्या झाडीपट्टी भागात, वडसा-ब्रह्मपुरीकडे मंडई म्हणजे गावजत्रा भरते, तेव्हाचं झाडीपट्टीचं नाटक बघा. रात्री सुरू होतं ते पार उजाडेपर्यंत चालतं. लोक चादरी पांघरून बसतात आणि हसतात कशावर? धुऱ्याच्या, म्हणजे शेताच्या बांधाच्या भांडणावर, सोयरिकीत मोठेपणा मिरवणाऱ्या मामावर. "काहून गा, तुजी म्हस माज्या बांदीत कशी?" (बांदी म्हणजे भातखाचर) एवढ्यावर अख्खा मंडप हलतो, कारण ते भांडण घरोघरी झालेलं असतं. (पहाटेच्या थंडीतलं ते हसू ऐकाच!) झाडीपट्टीचे नट परशुराम खुणे यांना २०२३ साली पद्मश्री मिळाली ती याच रंगभूमीसाठी. मंडईच्या दिवसांत या इकडे, एक नाटक पूर्ण बघा, मग बोलू.