मदत हवी आहे : होबी बेकरच्या सामन्यांचे जुने वृत्तांत

होबी बेकर (१८९२–१९१८) या अमेरिकन आइस हॉकीपटूवर छोटा मराठी लेख लिहितोय. अमेरिकेतल्या प्रिन्स्टन विद्यापीठाचा हा खेळाडू सात जणांच्या संघात 'रोव्हर' म्हणून खेळायचा, म्हणजे ठरावीक जागा नाही, बर्फभर मोकाट. १९१४ला पदवी घेतल्यावर बँकेत नोकरी आणि न्यूयॉर्कच्या सेंट निकोलस क्लबकडून हौशी खेळ; व्यावसायिक संघांचा पैसा त्याने नाकारला. पहिल्या महायुद्धात तो लढाऊ वैमानिक होता; युद्ध संपल्यावर, डिसेंबर १९१८मध्ये, फ्रान्समधल्या तूल इथे दुरुस्त केलेलं विमान तपासताना तो गेला. मायदेशी परतण्याचा हुकूम हातात आलेला होता!

मृत्यूबद्दल भरपूर मिळतं, मला खेळ हवाय. चरित्रात्मक लेख वाचले, पण सगळे तेच किस्से फिरवतात. प्रिन्स्टनच्या विद्यार्थी दैनिकाचे जुने अंक ऑनलाइन आहेत, त्यांतून कॉलेजची वर्षं भागली. अडलंय ते पुढे. अमेरिकन काँग्रेस ग्रंथालयाचा मोफत वृत्तपत्रसंग्रह चाळला, पण 'बेकर' शोधलं की भलतेच बेकर येतात. मी पुण्यात असतो, सशुल्क संग्रह परवडणार नाहीत, इंग्रजी मजकूर चालेल.

सेंट निकोलसच्या १९१४ ते १९१६मधल्या सामन्यांचे, गोल कोणी केले हे सांगणारे वृत्तांत मोफत कुठे मिळतील, आणि शोधताना कोणते शब्द टाकावेत?