थरच्या वाळवंटात गाडीने : किल्ले नकोत, विक्षिप्त जागा सुचवाव्यात

घाटवळण :
नमस्कार. डिसेंबरच्या दुसऱ्या आठवड्यात पुण्याहून स्वतःच्या गाडीने राजस्थानच्या वाळवंटी भागात जाण्याचे ठरवले आहे. आम्ही चौघे आहोत : मी, पत्नी, दहा वर्षांची मुलगी आणि एकाहत्तर वर्षांचे वडील, जे इतिहासाचे निवृत्त शिक्षक आहेत. गाडी पेट्रोलवर चालणारी छोटी हॅचबॅक आहे, हाती नऊ दिवस आहेत आणि पेट्रोल, मुक्काम, जेवण असे सगळे धरून सत्तर हजारांच्या वर एक रुपयाही जाणार नाही. किल्ले आणि राजवाडे मागच्या दोन सहलींत पोटभर पाहिले आहेत. या वेळी अशा जागा हव्या आहेत, ज्यांचे वर्णन ऐकून शेजारी “काहीतरीच काय” म्हणतील. वडिलांचे गुडघे दुखतात, त्यामुळे चढण नको. कृपया स्वानुभवावरून सुचवावे.

वाळूत_रुतलेला :
सर्वांत आधी ती हॅचबॅक घरी ठेवा. २०१९ मध्ये मीही तशीच गाडी नेली होती आणि जैसलमेरजवळच्या सम गावाच्या अलीकडे, फोटो काढण्यासाठी म्हणून जेमतेम दोन हात डांबराच्या खाली उतरवली, तर पुढची दोन्ही चाके वाळूत रुतून बसली. जितका ॲक्सिलरेटर दाबावा तितकी गाडी खोल जाई. शेवटी एका उंटवाल्याने चाकांतली हवा निम्म्याने कमी करायला लावली, चाकांखाली झुडपांच्या फांद्या घातल्या आणि आठशे रुपये घेऊन आम्हाला बाहेर काढले. वाळवंटात जायचे तर फोर बाय फोर, म्हणजे चारही चाकांना इंजिनाचा जोर मिळणारी गाडीच हवी. मी त्यानंतर घेतली आणि आजवर पश्चात्ताप झालेला नाही.

निवांत_पाटील :
सहलीसाठी सत्तर हजार असलेल्या माणसाला अठरा लाखांची गाडी सुचवणाऱ्याचे कौतुक वाटते. असो. डांबर सोडले नाही तर हॅचबॅक उत्तम चालते. घाटवळण, तुम्ही अहमदाबाद, पालनपूर, आबू रोड, पाली या मार्गाने जोधपूरला जाणार असाल तर पालीच्या पुढे सुमारे वीस किलोमीटरवर चोटिला गावाजवळ, मोटारसायकलच्या अपघातात गेलेल्या ओम बन्नांचे देवस्थान हमरस्त्यालाच लागते. तिथे मूर्तीइतकाच मान काचेच्या पेटीत उभ्या असलेल्या बुलेट मोटारसायकलला आहे, जिचा क्रमांक आरएनजे ७७७३ असा आहे. लोक तिला हार घालतात, अगरबत्ती लावतात आणि मद्याची बाटलीही वाहतात. आम्ही गेलो तेव्हा एक ट्रकचालक हात जोडून त्या बुलेटच्या हँडलकडे असा पाहत होता, जणू ती आता त्याला नाव घेऊन हाक मारणार आहे. चढण नाही, तिकीट नाही आणि अर्ध्या तासात सगळे पाहून होते.

तर्ककर्कश :
अपघातानंतर पोलिसांनी ठाण्यात नेलेली बुलेट दुसऱ्या सकाळी पुन्हा अपघाताच्याच जागी सापडली, पेट्रोल काढून साखळीने बांधली तरी पुन्हा तिथेच आली, असे त्या ठिकाणी सांगतात. पेट्रोल नसलेली गाडी चालत जाते यावर विश्वास ठेवायचा असेल तर इथे इंधनखर्चाचा हिशेब कशाला मांडायचा?

निवांत_पाटील :
विश्वास ठेवा असे मी कुठेही म्हटलेले नाही. धागाकर्त्याला विक्षिप्त जागा हवी आहे आणि मोटारसायकलच्या देवळाहून विक्षिप्त जागा तुम्हाला ठाऊक असेल तर तुम्ही ती सांगावी.

मृद्गंधा :
मी सांगते. बिकानेरच्या दक्षिणेला तीस किलोमीटरवर देशनोक येथे करणीमातेचे मंदिर आहे आणि त्यात हजारो उंदीर मोकळे फिरतात. त्यांना काबा म्हणतात, आणि चारण समाजातली माणसे मृत्यूनंतर काबाच्या रूपाने इथे येतात अशी श्रद्धा आहे. दुधाच्या पसरट परातीभोवती उंदीर कडेवर पुढचे पाय टेकवून गोल करून पीत बसतात आणि सगळ्यांच्या शेपट्या बाहेरच्या बाजूला लोंबत असतात. हे दृश्य मी आठ वर्षांत विसरलेले नाही. पांढरा उंदीर दिसणे शुभ मानतात. पादत्राणे बाहेर काढावी लागतात आणि फरशीवर सांडलेले दूध, लाडवाचा चुरा आणि लेंड्या असे सगळेच असते, म्हणून जुने मोजे घालून जावे आणि बाहेर आल्यावर ते तिथेच टाकून द्यावेत. आमच्या सासूबाई “पंढरीत माउलीचे पाय धरले, इथे उंदरांनी माझे धरले” असे अजून सांगतात.

बिकानेर शहरातले भांडासर जैन मंदिरही पाहावे. पाचवे तीर्थंकर सुमतिनाथ यांचे हे सुमारे पाचशे वर्षांपूर्वीचे मंदिर असून त्याच्या पायाभरणीत पाण्याऐवजी चाळीस हजार किलो तूप वापरले अशी आख्यायिका आहे. कडक उन्हाळ्यात फरशीला तुपाचा ओशटपणा येतो असे तिथले लोक सांगतात. डिसेंबरात फरशी कोरडीच असणार, पण मुलीला गोष्ट आवडेल.

सोनकेळी_७१ :
जैसलमेरशिवाय थर कसला? जैसलमेरजवळचे कुलधरा पाहाच. जुलमी दिवाण सालिम सिंहाची वाईट नजर गावच्या मुलीवर पडली म्हणून पालीवाल ब्राह्मणांनी चौऱ्याऐंशी गावे एका रात्रीत सोडली आणि जाताना शाप दिला की इथे पुन्हा कोणी नांदणार नाही. ओस पडलेल्या गल्ल्यांतून फिरताना अंगावर काटा येतो. आम्ही समच्या वाळूत ज्या आलिशान तंबूत राहिलो तिथे रात्रीला चौदा हजार लागले, पण तंबूत बाथटब होता आणि जेवणात अठरा पदार्थ होते. असा अनुभव आयुष्यात एकदा घ्यावाच.

तर्ककर्कश :
वस्ती पाण्यावर जगत होती आणि पाणी आटत गेले, कराचा बोजा वाढला, तसे लोक टप्प्याटप्प्याने निघून गेले, ही जास्त पटणारी कारणे आहेत. चौऱ्याऐंशी गावे एका रात्रीत गुरेढोरे, म्हातारी माणसे आणि भांडीकुंडी घेऊन निघाली तर सकाळी रस्त्यावर केवढी गर्दी झाली असेल याचा विचार करावा.

सोनकेळी_७१ :
आपण तिथे गेला आहात का?

तर्ककर्कश :
दोनदा गेलो आहे. दुसऱ्या वेळी कुटुंबाच्या आग्रहास्तव.

वाळूत_रुतलेला :
तंबूंविषयी बोलतो. आम्ही ज्या तंबूत राहिलो तिथे रात्री बारापर्यंत ध्वनिवर्धकावर पंजाबी गाणी चालू होती आणि पांघरूण इतके पातळ होते की मी मोटारीचे आच्छादन अंगावर घेऊन झोपलो. वाळवंट रात्री तापलेले राहते हा गैरसमज आहे. डिसेंबरात पहाटे हुडहुडी भरते. फोर बाय फोरमध्ये निदान झोपता तरी आले असते.

सीमेवरचा_सदू :
जैसलमेरला जाणारच असाल तर पुढे सुमारे सव्वाशे किलोमीटरवर तनोट मातेचे मंदिर आहे. १९६५ च्या युद्धात मंदिराच्या परिसरात पडलेले कितीतरी तोफगोळे फुटलेच नाहीत अशी तिथे श्रद्धा आहे, त्यांतले काही आत मांडून ठेवले आहेत, आणि मंदिराची देखभाल सीमा सुरक्षा दलाचे जवान करतात. आरतीही तेच म्हणतात. परिसरात नवसाचे हातरुमाल इतके बांधलेले आहेत की आमच्या सौ.ने आपला बांधला आणि परत निघताना ओळखू आला नाही. जवळच्या लोंगेवाला येथे ४ डिसेंबर १९७१ च्या रात्री झालेल्या लढाईतले रणगाडे उभे आहेत. वाटेतल्या रामगढला टाकी पूर्ण भरून घ्यावी, कारण पुढे पंपाचा आणि मोबाईलचा भरवसा नाही. आमच्यासारखे सांचोर मार्गे बाडमेरहून गेलात तर गांधव ते सट्टा या भागात लढाऊ विमाने उतरवण्यासाठी केलेला सुमारे तीन किलोमीटरचा महामार्गाचा तुकडा लागेल. सप्टेंबर २०२१ मध्ये त्याचे उद्घाटन झाले. मी तिथून गेलो तेव्हा उगाच पाठ ताठ करून बसलो होतो.

निवांत_पाटील :
तनोट उत्तम आहे, पण जोधपूर ते तनोट आणि परत म्हणजे आठशे किलोमीटर होतात. मूळ प्रश्नात गुडघे आणि नऊ दिवस लिहिलेले आहेत, याची आठवण करून देतो.

रानवाटसरू :
सर्वांनी एक जागा विसरली आहे, म्हणून जरा सविस्तर लिहितो. जोधपूरहून सुमारे एकशे चाळीस किलोमीटरवर फलोदी आहे आणि तिला लागूनच खिचन हे छोटे गाव आहे. मंगोलिया आणि मध्य आशियातून हिमालय ओलांडून येणारे कांड्या करकोचे, ज्यांना तिथे कुरजां म्हणतात, ते हिवाळाभर या गावात हजारोंच्या संख्येने राहतात, कारण गावकरी, त्यांतही जैन कुटुंबे, कित्येक दशकांपासून त्यांना ज्वारी घालत आली आहेत. दाणे घालण्यासाठी गावातच कुंपण घातलेले एक आवार आहे, त्याला चुग्गाघर म्हणतात. २०२५ मध्ये खिचनचा आंतरराष्ट्रीय महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या रामसर यादीत समावेश झाला.

उजाडण्यापूर्वी चुग्गाघराशेजारच्या एखाद्या घराच्या गच्चीवर, घरमालकाला विचारून, जाऊन बसावे. आधी क्षितिजावर धुरासारखी रेघ दिसते, मग ती डोक्यावर येऊन गोल फिरू लागते आणि एकेक थवा घिरट्या घालत राहतो, पण खाली कोणीच उतरत नाही. मग एक धीट पक्षी उतरतो आणि पुढच्या दहा मिनिटांत आवारात जमीन दिसेनाशी होते. पक्ष्यांच्या मानेवरची काळी पिसे छातीवर लोंबत असतात, जणू सगळ्यांनी उपरणी घेतली आहेत. मला आवाजाचे अधिक आश्चर्य वाटले : एकदम हजारो घशांतून येणारी ती करकर घराच्या आतही बोलणे अशक्य करते. दुपारी हे पक्षी गावाच्या तळ्यांवर जातात. मी एका सकाळीसाठी गेलो होतो आणि तीन सकाळी राहिलो. साध्या धर्मशाळेत राहिल्याने खर्चही नगण्य झाला.

जायकवाडीकर :
करकोचे पाहायला हजाराहून अधिक किलोमीटर कशाला जायचे? आमच्या पैठणला नाथसागरावर हेच पक्षी हिवाळ्यात येतात. पेट्रोल वाचेल आणि येताना पैठणीही घेता येईल.

रानवाटसरू :
नाथसागरावर ते दूर पाण्याकाठी दुर्बिणीतून दिसतात आणि खिचनला शेजारच्या गच्चीच्या उंचीवरून उडतात. दोन्ही अनुभव चांगले आहेत, पण एक नव्हेत.

सोनकेळी_७१ :
फलोदीत काय पाहायचे? १९ मे २०१६ रोजी तिथे ५१ अंश तापमान नोंदले गेले होते. माणसे करपतील.

रानवाटसरू :
सहल डिसेंबरात आहे. स्वेटर न्यावा.

मरुनिवासी_देशपांडे :
मी गेली चौदा वर्षे जोधपूरला नोकरीनिमित्त राहतो, म्हणून दोन भर घालतो. जोधपूरजवळचे मंडोर म्हणजे मंदोदरीचे माहेर, म्हणजेच रावणाची सासुरवाडी, असे मानतात. शहरात चांदपोलच्या बाजूला रावणाचे मंदिरही आहे, आणि स्वतःला त्याचे वंशज मानणारी काही ब्राह्मण कुटुंबे दसऱ्याला आनंद न करता शोक पाळतात. मंडोरची बाग सपाट आहे, गुडघ्यांना त्रास होणार नाही.

दुसरी जागा खास आपल्या वडिलांसाठी आहे. नागौरला लागून ताऊसर नावाचे गाव आहे. राणोजी शिंद्यांचे पुत्र आणि महादजींचे थोरले बंधू जयाप्पा शिंदे यांनी मारवाडच्या विजयसिंहाविरुद्ध नागौरला वेढा घातला होता आणि १७५५ मध्ये तिथल्या छावणीत दगाफटक्याने त्यांचा खून झाला. त्यांची छत्री, म्हणजे स्मारक, ताऊसरला आहे. तिथे फलक नाही म्हणण्याइतका आहे, शेजारी शेळ्या चरतात आणि मी आजवर तिथे एकही मराठी पर्यटक पाहिलेला नाही. बिकानेर, देशनोक, नागौर, जोधपूर हा एकच सरळ रस्ता आहे, त्यामुळे वेगळा फेरा पडत नाही.

घाटवळण :
सर्वांचे मनापासून आभार. काल रात्री वडिलांनी जेवणाच्या टेबलावर नकाशा पसरला आणि निर्णय झाला, तो बहुतेकांना आवडणार नाही. आम्ही जैसलमेर पूर्णपणे वगळत आहोत. अहमदाबादला पहिला मुक्काम, मग बुलेटचे देवस्थान आणि जोधपूर, पुढे मंडोर पाहून फलोदी, खिचनच्या दोन सकाळी, बिकानेर, देशनोक, ताऊसर, पुन्हा जोधपूर आणि अहमदाबाद मार्गे घर, असा साधारण अठ्ठावीसशे किलोमीटरचा फेरा होतो. लिटरला सोळा धरले तर एकशे पंचाहत्तर लिटर पेट्रोल लागेल, ते अठरा-एकोणीस हजारांत बसते. तंबू नाही, फोर बाय फोर नाही. वडील जयाप्पांचे नाव वाचल्यापासून दुसरे काही बोलत नाहीत आणि मुलीने कुरजां मोजण्यासाठी स्वतंत्र वही केली आहे.

सोनकेळी_७१ :
जैसलमेरला न जाता थर पाहणे म्हणजे उंटावरून शेळ्या हाकणे आहे. परत आल्यावर पश्चात्ताप कराल, तेव्हा मी इथे असेन.

वाळूत_रुतलेला :
निदान हवा भरायचा पंप तरी सोबत घ्या.

घाटवळण :
पंप घेतो. एक शंका राहिली आहे. मृद्गंधाताई, मुलगी विचारते आहे की देशनोकला मोजे घातले तर उंदीर पायावर चढत नाहीत ना?

मृद्गंधा :
चढतात. म्हणून पँट घोट्यापाशी मोज्यात खोचावी, पाय न उचलता फरशीवरून घासत चालावे म्हणजे कोणी पायाखाली येत नाही, आणि चढला तर किंचाळू नये, कारण उंदीर पायावर येणे तिथे शुभ मानतात आणि आमची मुलगी किंचाळली तेव्हा आजूबाजूच्या लोकांनी तिचे अभिनंदन केले होते.