मदत हवी आहे : खाऱ्या वाऱ्यात खिडक्यांचे ग्रिल टिकत नाहीत

नमस्कार मंडळी. मालवणात समुद्राजवळ आमचं घर आहे. दर पावसाळ्यानंतर खिडक्यांच्या ग्रिलला गंज येतो. घासून, रेड ऑक्साइड मारून ऑइल पेंट दिला, तरी वेल्डिंगच्या सांध्यापाशी रंगाला फुगे येतातच. कारण थोडंफार कळतं: वाऱ्यातलं मीठ हवेतला ओलावा ओढून घेतं, त्या खारट पाण्याच्या थरात लोखंडावर छोट्या बॅटरीसारखी क्रिया चालते आणि फुगलेला गंज आतून रंग उचलतो. रंगाखाली मीठ राहिलं तर वरून कितीही हात मारा, व्यर्थच!

आता ग्रिल बदलायचेच आहेत. दोन पर्याय डोक्यात आहेत: वेल्डिंग झाल्यावर हॉट डिप गॅल्व्हनायझिंग (ग्रिल वितळलेल्या जस्तात बुडवून थर चढवणं), म्हणजे लोखंडाआधी जस्त झिजेल; किंवा स्टेनलेस स्टील. फॅब्रिकेटर 304 ग्रेडचं स्टेनलेस पुरेसं म्हणतो, पण 316 मध्ये मॉलिब्डेनम असल्याने ते मिठाला जास्त दाद देत नाही. किनाऱ्यालगत कोणी 304 वापरलंय का? तपकिरी डाग पडले का?

आणखी एक. अॅल्युमिनियमच्या स्लायडिंगला स्टीलचे स्क्रू आहेत, त्यांच्याभोवती पांढरी भुकटी जमते. मधे नायलॉनचे वॉशर घालून फरक पडतो का? (आई म्हणते, लाकडी गजच बरे होते.)